वरून दिसलेली कालवारी

ज्युबिलीच्या ह्या स्मरणिकेंत आम्हीं आमच्या देवळाचा इतिहास लिहावा, अशी संपादक मंडळाची सूचना होती. परंतु देवळाचा पाया, घंटा, वेदी आणि आजवर येथें सेवा करून गेलेले धर्मगुरु ह्यांची हकीकत आमच्याहून अधिक माहितगार मंडळींनीं ह्याच पुस्तिकेंत दिली आहे. तीच पुन्हा उगाळण्यांत अर्थ नाहीं. म्हणून आम्हीं एका चित्राचा इतिहास सांगावयाचें ठरविलें. हें चित्र आमच्या देवळांतलें नाहीं, आमच्या देशांतलेंहि नाहीं. तें अमेरिकेंत न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागांतील संग्रहालयांत आहे. काढणारा फ्रेंच, साधन जलरंग आणि कागद, आणि आकार म्हणाल तर उंची सुमारें पावणेदहा इंच व रुंदी नऊ इंच, म्हणजे जेमतेम एक वीत.

ह्या चित्राकडे आम्हांला वळविलें तें एका माउलीच्या प्रश्नानें. बऱ्याच वर्षांपूर्वीं, आम्ही दुसऱ्या एका धर्मग्रामांत असतांना, पवित्र शुक्रवारीं प्रभूच्या सात वचनांवर प्रवचन करून बाहेर आलों. तें प्रवचन आम्हीं मोठ्या मेहनतीनें तयार केलें होतें, आणि तें बरें वठलें असा आमचा समज होता. पायरीवर एक वृद्ध बाई थांबली होती. तिचा थोरला मुलगा दोन वर्षांपूर्वीं होडी घेऊन समुद्रावर गेला तो परत आला नव्हता. ती म्हणाली, "फादर, आईला तो कसा दिसला तें तुम्ही सांगितलंत. पण त्याला वरून आई कशी दिसली असेल?" आम्हांला उत्तर सुचलें नाहीं. "त्याला सारें ठाऊक होतें, माउली," असें कांहीं तरी बोलून आम्ही पुढें निघालों. तें उत्तर नव्हतें, हें तिलाहि कळलें आणि आम्हांलाहि.

पुढें एकदां ग्रंथालयांत एक जाडजूड चित्रमय ख्रिस्तचरित्र चाळीत असतां एका पानावर आमचा हात थबकला. कालवारीचा प्रसंग होता, पण चित्रांत क्रूस कोठेंच दिसेना. प्रभूचें मुख नाहीं, पसरलेले हात नाहींत, कांट्यांचा मुकुट नाहीं. मग खालच्या कडेला लक्ष गेलें. तेथें दोन पावलें होतीं. आणि क्षणभरानें उमगलें कीं, आपण क्रूसाकडे पाहत नाहीं. आपण क्रूसावरून पाहत आहों. चित्राचें नांवच तसें आहे: आपल्या प्रभूला क्रूसावरून जें दिसलें तें.

त्या पावलांशीं अगदीं लगटून मरिया माग्दालेना गुडघ्यांवर बसली आहे. तिचे लांब तांबूस केस मोकळे सुटले आहेत. तिच्या पलीकडे पवित्र मरिया, हात उराशीं धरलेला. जवळच संत योहान हात जोडून वर पाहत आहे. शेजारीं शोकाकुल स्त्रिया आहेत. त्यांच्या मागें गर्दी: घोड्यांवर बसलेले अधिकारी, रोमी शिपाई, शास्त्री आणि याजक, आणि नुसतेच बघे. कोणी रडतो, कोणी हेटाळणी करतो, कोणाला ह्या प्रकाराचा कंटाळा आलेला दिसतो. आणि ह्या सर्वांच्या मागें, चित्राच्या वरच्या अंगाला, खडकांत कोरलेल्या एका थडग्याचें काळें तोंड उघडें आहे. प्रथम तें नजरेंत भरत नाहीं. पण एकदां दिसलें कीं डोळा पुनः पुनः तेथेंच जातो.

हें चित्र काढणारा जाक जोझेफ टिसो. इंग्रजांच्या आवडीनें त्यानें आपलें नांव जेम्स केलें, आणि तेंच पुढें रूढ झालें. तो १८३६ सालीं फ्रान्सच्या नांत ह्या बंदरांत जन्मला. बाप कापडाचा व्यापारी, आई बायकांच्या टोप्या करणारी. त्यामुळें रेशीम, झालर, फीत ह्यांची पारख त्याला पाळण्यांतच मिळाली. शिक्षण झालें तें येशूसंघाच्या शाळांत. विशींत पॅरिसला जाऊन तो चित्रकला शिकला. देगा हा त्याचा स्नेही. १८७१ च्या पॅरिसच्या रक्तपातानंतर तो लंडनला गेला आणि तेथें श्रीमंत स्त्रियांच्या मेजवान्या, बागा आणि नौका रंगवून त्यानें पुष्कळ द्रव्य मिळविलें. ही चित्रें सुंदर आहेत ह्यांत शंका नाहीं. पण त्यांत मनुष्यापेक्षां पोषाख अधिक बोलतो, असें आम्हांला वाटतें.

लंडनमध्यें कॅथलीन न्यूटन नांवाची एक आयरिश कुळांतली बाई त्याच्या घरीं राहूं लागली. तिचे वडील ईस्ट इंडिया कंपनीच्या नोकरींत होते, आणि तिचें लग्नहि हिंदुस्थानांतल्या एका शल्यवैद्याशीं झालें होतें. तें लवकरच मोडलें. ती घटस्फोटित आणि कॅथोलिक, म्हणून ह्या दोघांचा देवळांत विवाह होऊं शकला नाहीं. धर्मगुरु ह्या नात्यानें त्या संबंधाविषयीं आम्हांला काय म्हणावें लागेल तें वाचक जाणतातच, तें येथें विस्तारानें सांगत नाहीं. त्यानें तिला शेवटपर्यंत अंतर दिलें नाहीं, एवढेंहि सांगणें न्यायाचें आहे. क्षयानें तिचा अंत १८८२ च्या नोव्हेंबरांत झाला; वय अवघें २८. थोड्याच दिवसांत टिसोनें तें घर सोडलें आणि तो पॅरिसला परतला.

त्यानंतर तो एकदम संत झाला असें नाहीं. उलट, मेलेल्यांना बोलाविणाऱ्या एका मध्यस्थाच्या बैठकीला तो १८८५ सालीं बसला, तेथें आपणांस कॅथलीन दिसली असा त्यानें विश्वास धरला, आणि त्याचें चित्रहि काढिलें. ख्रिस्तसभेनें हा मार्ग निषिद्ध मानिला आहे, आणि तें योग्यच आहे. पण दुःखानें वेडावलेला मनुष्य कोणत्या दाराशीं जाईल ह्याचा नेम नसतो. आमच्या गांवींहि अंगारे-धुपारे करणाऱ्यांच्या ओसरीवर आम्हीं आमचींच माणसें पाहिलीं आहेत. रागावण्यापूर्वीं त्यांच्या घरांत कोण मेलें आहे हें विचारावें, इतकें आम्ही शिकलों.

त्याच वर्षीं पॅरिसच्या सँ-सुल्पीस देवळांत तो गेला तो भक्तीसाठीं नव्हे. पॅरिसच्या स्त्रियांवर तो एक चित्रमाला काढीत होता, आणि तींत देवळांत गाणारी एक बाई दाखवावयाची होती. तिच्यासाठीं निरीक्षण करणें हा हेतु. मिस्सा चालली होती. धर्मगुरूनें पवित्र भाकर उंच धरिली तेव्हां टिसोनें मस्तक लवविलें, डोळे मिटले, आणि त्याला एक दृश्य दिसलें: पडक्या इमारतीच्या ढिगाऱ्यांत दोन दरिद्री माणसें हताश बसलीं आहेत, आणि त्यांच्या शेजारीं रक्तबंबाळ ख्रिस्त येऊन बसतो व आपल्या जखमा दाखवून त्यांचें सांत्वन करितो. हें त्यानें पुढें रंगविलेंहि. दर्शन खरें कीं शोकाची कल्पना, ह्याचा निर्णय करण्याचा अधिकार आम्हांला नाहीं. परंतु फळावरून झाड ओळखावें हा नियम लावला तर पुढची हकीकत पाहावी.

१८८६ च्या ऑक्टोबरांत, पन्नाशी गांठली त्याच महिन्यांत, टिसो पवित्र भूमीकडे निघाला आणि पुढच्या मार्चपर्यंत तेथें राहिला. १८८९ सालीं तो पुन्हा गेला. जेरुसलेमच्या गल्ल्या, टेंकड्यांची माती, विहिरी, पागोटीं, गाढवांचीं खोगिरें, सारें त्यानें टिपून घेतलें. सुमारें नऊ वर्षें तो ह्या एकाच कामांत बुडाला. बैठकींतल्या रेशमी झग्यांचा चित्रकार आतां गालिलेच्या कोळ्यांच्या फाटक्या जाळ्यांचा अभ्यास करूं लागला. पन्नाशी उलटल्यावर नवीन कांहीं होत नाहीं असें म्हणणारे आमच्या वयाचे जे बंधु आहेत, त्यांनीं हें ध्यानांत ठेवावें. आम्हीहि ठेवीत आहों.

येथें एक दोष सांगितला पाहिजे. टिसोची समजूत अशी कीं, पूर्वेकडे कांहीं बदलत नाहीं. १८८६ सालीं पालेस्तिनांत जे पोषाख आणि चाली दिसल्या त्याच ख्रिस्ताच्या वेळीं असणार. ही त्या काळच्या युरोपीय लोकांची आवडती समजूत होती. पूर्वेकडे राहणाऱ्या आम्हां लोकांस तिचें हसूं येतें. आमच्या आजोबांचें पागोटें आमच्या डोक्यावर उरलें नाहीं, मग अठराशें वर्षें तेथें कशीं टिकतील? चित्रांतल्या प्रत्येक वस्त्राला पुरावा मानूं नये.

जेथें डोळ्यानें पाहिलेलें अपुरें पडलें तेथें टिसोनें कातरिना एमरिक ह्या जर्मन जोगिणीच्या दर्शनांचा आधार घेतला. ही बाई १७७४ ते १८२४ ह्या काळांत होऊन गेली. तिनें सांगितलेलें ब्रेंटानो ह्या कवीनें लिहून घेतलें आणि प्रभूच्या दुःखसहनाविषयींचा तो ग्रंथ १८३३ सालीं निघाला. त्यांत तिचें किती आणि कवीचें किती, हा वाद जुना आहे. २००४ सालीं तिला धन्यवादित जाहीर केलें तें तिच्या जीवनावरून, त्या पुस्तकाच्या बळावर नव्हे.

जलरंग म्हटले कीं आपल्या डोळ्यांपुढें येतो तो पातळ, पाण्यासारखा रंग, ज्यांतून कागदाचा पांढरेपणा चमकतो. त्या रीतींत उजेड हवा तेथें कागद कोरा सोडावा लागतो; एकदां काळें केलें कीं तेथें उजेड आणितां येत नाहीं. टिसोनें वापरले ते अपारदर्शक जलरंग. त्यांत अंधारावरहि प्रकाशाचा ठिपका ठेवितां येतो. त्यानें करड्या-हिरवट कागदावर आधीं शिसपेन्सिलीनें रेखाटन केलें आणि मग हे दाट रंग बारीक कुंचल्यानें चढविले. त्यामुळेंच वीतभर कागदावर इतकीं माणसें मावलीं, आणि प्रत्येकाला स्वतःचा चेहरा मिळाला. गर्दी रंगविणें सोपें. गर्दींतला एकेक मनुष्य रंगविणें कठीण. आणि वरून पाहणाऱ्याला गर्दी दिसत नव्हती, एकेक मनुष्यच दिसत होता.

क्रूस न दाखवितां क्रूसाचें चित्र काढणारा टिसो पहिलाच नव्हे. जेरोम ह्या फ्रेंच चित्रकारानें १८६७ सालीं जमिनीवर पडलेल्या तीन क्रूसांच्या सावल्या तेवढ्या दाखविल्या, आणि शहराकडे परतणारे लोक. युक्ति चतुर आहे, पण पाहणारा तेथें बाहेरचाच राहतो. त्याहून फार पूर्वीं, सोळाव्या शतकांत, क्रूसाचा संत योहान ह्यानें वरून दिसणारा क्रूसित ख्रिस्त एका लहानशा रेखाटनांत उतरविला होता. पण तेथें आपण ख्रिस्ताकडे वरून पाहतों, ख्रिस्ताच्या डोळ्यांनीं नव्हे.

मग मनुष्यानें देवाच्या पुत्राच्या डोळ्यांच्या जागीं आपले डोळे ठेवावेत, हें धार्ष्ट्य नव्हे काय? ही शंका आम्हांला बराच काळ सतावीत होती. सेमिनरींत आम्हीं संत इग्नातियच्या आध्यात्मिक साधना केल्या तेव्हां ध्यानापूर्वीं प्रसंगाचें स्थळ मनानें उभें करावयास शिकविलें होतें: रस्ता किती लांब, गुहा किती रुंद. पण त्याच साधनांत देहधारणाच्या ध्यानापाशीं संत आणखी एक गोष्ट सांगतो. त्रैक्य परमेश्वर वरून साऱ्या पृथ्वीकडे पाहत आहे, असें पाहावें: तऱ्हेतऱ्हेच्या रंगांचीं आणि वेषांचीं माणसें, कोणी शांततेंत, कोणी युद्धांत, कोणी रडणारीं, कोणी हसणारीं, कोणी जन्मणारीं, कोणी मरणारीं. म्हणजे देवाच्या दृष्टीनें पाहण्याचा अभ्यास संतानेंच घालून दिला आहे. टिसो येशूसंघाच्या शाळांत शिकला होता. तरी चित्राची कल्पना त्यानें तेथूनच घेतली असें आम्ही म्हणत नाहीं. आमची शंका मात्र तेथें फिटली.

दुसरी गोष्ट फिटली नाहीं, आणि ती सांगितल्यावांचून पुढें जाणें अप्रामाणिकपणाचें होईल. ह्या चित्रांत शास्त्री-याजक दाखविले आहेत. दुःखसहनाच्या चित्रांनीं, नाटकांनीं आणि आमच्यासारख्यांच्या प्रवचनांनीं शतकानुशतकें ख्रिस्ती लोकांना यहुदी मनुष्याचा द्वेष शिकविला, आणि त्याचें फळ युरोपांत विसाव्या शतकांत काय आलें तें सर्वांस ठाऊक आहे. पवित्र शुक्रवारच्या प्रार्थनेंतून यहुद्यांस अविश्वासू म्हणणारा शब्द पोप तेविसावे जॉन ह्यांनीं १९५९ सालीं काढून टाकिला. आणि १९६५ सालीं व्हॅटिकन धर्मपरिषदेनें स्पष्ट जाहीर केलें कीं, ख्रिस्ताच्या मरणाचा दोष त्या वेळच्या सर्व यहुद्यांवर किंवा आजच्या यहुद्यांवर लादतां येत नाहीं. आमच्या कोंकणांतल्या वाचकांना हें कळणें जड जाऊं नये. बेने इस्रायल मंडळी येथें शतकें आमच्या शेजारीं राहिली; शनिवारीं घाणा बंद ठेवणारे म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. त्यांची बोली मराठी, आणि बायबलांतल्या कथांवर त्यांनीं मराठींत कीर्तनें केलीं. १९४८ नंतर त्यांतले बहुतेक इस्राएलला गेले. चित्राकडे पुनः पाहावें: पावलांशीं बसलेली माग्दालेना यहुदी, योहान यहुदी, ती आई यहुदी, आणि ज्याचे डोळे आपण उसने घेतले आहेत तोहि यहुदीच.

हीं चित्रें लोकांपुढें आलीं तें १८९४ सालीं पॅरिसच्या प्रदर्शनांत. तेव्हां २७० चित्रें तयार होतीं. लोक टोप्या काढून दालनांत शिरत. कित्येक बाया गुडघ्यांवर सरकत एका चित्रापासून दुसऱ्या चित्राकडे जात, असें त्या वेळच्या लोकांनीं लिहून ठेविलें आहे. कलापारखी मंडळींनीं नाकें मुरडलीं. फॅशनचा चित्रकार आतां धर्माचा बाजार मांडतो असा टोमणाहि निघाला. पुढें तूर शहरच्या माम मंडळींनीं हीं चित्रें ग्रंथरूपानें छापलीं, लंडनला प्रदर्शन झालें, आणि १८९८ पासून तीं अमेरिकेंत गांवोगांव फिरलीं. १९०० सालीं ब्रुकलिनच्या संग्रहालयानें ३५० चित्रें ६०,००० डॉलरांस विकत घेतलीं. पैसा आला लोकवर्गणींतून. ज्युबिलीच्या वर्गणीसाठीं घरोघर हिंडलेल्या आमच्या मंडळींना त्या खजिनदाराविषयीं सहानुभूति वाटल्यावांचून राहणार नाहीं. टिसो नंतर जुन्या कराराचीं चित्रें काढूं लागला. तें काम अपुरें ठेवून १९०२ च्या ऑगस्टांत तो मरण पावला.

एक धागा मात्र थेट आमच्या मुंबईपर्यंत येतो. आलिस गी ह्या फ्रेंच बाईंनीं १९०६ सालीं ख्रिस्तचरित्रावर मूक चित्रपट काढिला तेव्हां दृश्यांच्या मांडणीसाठीं टिसोचीं चित्रें समोर ठेविलीं. त्र्यंबकेश्वरीं जन्मलेले दादासाहेब फाळके ह्यांनीं मुंबईंत ख्रिस्तचरित्राचा एक चित्रपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त हलत असतां त्यांच्या मनापुढें राम आणि कृष्ण उभे राहिले, असें त्यांनीं पुढें स्वतःच लिहिलें. १९१३ सालीं 'राजा हरिश्चंद्र' आला तो त्या ध्यासांतून. फाळक्यांनीं पाहिलेला चित्रपट ह्या बाईंचाच असावा, असें पुष्कळ जाणकार सांगतात. तसें असेल तर जेरुसलेमच्या धुळींत टिपलेल्या त्या रेघा गिरगांवाच्या वाटेनें कोठें जाऊन पोहोंचल्या, हें पाहून कौतुक वाटतें.

आतां त्या माउलीकडे वळतों. चित्राची एक प्रत आम्हीं मिळविली आणि बदली होण्यापूर्वीं तिच्या घरीं नेली. तिनें ती खिडकीशीं धरून बराच वेळ पाहिली. चित्रांत पवित्र मरिया उभी आहे ती कांहीं अतिसुंदर नाहीं. शतकानुशतकें चित्रकारांनीं तिला क्रूसाखालीं तरुण रंगविली, टिसोनें तसें केलें नाहीं. मुलाला जन्म देऊन तेहतीस वर्षें झालेली बाई जशी असावी तशी ती आहे. म्हातारीनें तिच्यावर बोट ठेविलें आणि मान हलविली. मग वरच्या काळ्या भोकावर बोट नेऊन विचारलें, "ही खोली कसली, फादर?" आम्हीं सांगितलें, "थडगें."

"म्हणजे तेंहि त्याला दिसत होतं," ती म्हणाली. आणि थोड्या वेळानें, "माझ्या पोराला तें नाही."

ह्या खेपेस आम्हीं कांहीं तरी बोलून वेळ मारून नेली नाहीं. तिनें चहा टाकिला, तो होईपर्यंत आम्ही तेथेंच बसलों. प्रत तिच्याकडेच राहिली.

परदेशीं मुलांकडे जाणाऱ्या आमच्या वाचकांपैकीं कोणी मूळ चित्र पाहावें म्हणून ब्रुकलिनला जाईल, त्याला एवढें सांगून ठेवितों. कागदावरचे रंग उजेडानें उडतात, म्हणून असलीं चित्रें बहुधा अंधारांत बंद ठेवावीं लागतात आणि क्वचितच बाहेर काढितात. २००९ च्या ऑक्टोबरांत ह्या मालेंतलीं १२४ चित्रें तेथें मांडलीं होतीं, आणि पुढच्या जानेवारींत तें प्रदर्शन संपलें. म्हणून निघण्यापूर्वीं चौकशी करून जावें.